पाडावाचे प्रकरण

चष्म्याच्या दुकानामागच्या खोलीत दर रविवारी वाचन मंडळ भरे. सध्या हुकूमशाही आणि युद्धांचा एक जाडजूड इतिहास चालू होता. प्रत एकच, म्हणून दर आठवड्याला एकाने खुर्चीत बसून एक प्रकरण मोठ्याने वाचायचे, बाकीच्यांनी ऐकायचे. शेवटचे प्रकरण, म्हणजे हुकूमशहाचा पाडाव, टेलरकाकांच्या वाट्याला आले होते. पाडाव आपल्या तोंडून होणार या कल्पनेने काकांनी मिठाच्या गुळण्या सुरू केल्या होत्या.

तिसऱ्या प्रकरणाच्या दिवशी पंख्याच्या वेगावरून दोघांची जुंपली. त्या दिवशीचे वाचक, निवृत्त पोस्टमास्तर, यांनी खुर्चीतूनच जाहीर केले की वातावरण निवळेपर्यंत वाचनाचा भार आपण एकटेच वाहू. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. भांडणाला सगळेच कंटाळले होते.

पुढच्या रविवारी प्रश्न विचारणे बंद झाले, कारण त्याने लय तुटते. त्यानंतर खोकणे. "अगदी मागच्या प्रकरणासारखं चाललंय," दंतवैद्य कौतुकाने म्हणाले. पोस्टमास्तरांनी त्यांच्या स्मरणशक्तीची तारीफ केली आणि कोण काय कुजबुजते यावर लक्ष ठेवण्याचे काम त्यांच्याकडे सोपवले. दंतवैद्यांवर आजवर कुणी कसलीच जबाबदारी टाकली नव्हती, ते गहिवरले.

मग युद्ध आले. शेजारच्या बुद्धिबळ मंडळाने दोन खुर्च्या उसन्या नेल्या होत्या. त्या मागून आणणे दुबळेपणाचे ठरले. सैन्याला दंडावर बांधायला पट्ट्या हव्यात, असे फर्मान निघाले. टेलरकाका मनातून चरफडले, पण पट्ट्या शिवल्या, त्याही अस्तर लावून. हलके काम त्यांच्या हातून होतच नसे. चढाई यशस्वी झाली. बुद्धिबळवाले तेव्हा जेवायला गेले होते.

विजयसभेत पोस्टमास्तर म्हणाले, "शेवटचं प्रकरण जरा निराशाजनक आहे. ते वगळू या. कुणाची हरकत?"

काकांचा घसा लख्ख झाला होता. हात खांद्यापर्यंत आलाही. दंतवैद्यांनी त्यांच्याकडे पाहिले. काकांनी तोच हात वळवून दंडावरची पट्टी नीट केली.

घरी काकूंनी विचारले, "अहो, आज तुमचं वाचन होतं ना?"

"हळू बोल," काका खिडकी लावत म्हणाले. "वरच्या मजल्यावर दंतवैद्य राहतात." मग त्यांनी मोठा उसासा टाकला. "त्या पुस्तकातल्या लोकांचं मला नवल वाटतं बघ. सगळं डोळ्यांदेखत चाललेलं, आणि एकालाही तोंड उघडता येऊ नये?"

काकूंनी मान डोलावली. वाचणाऱ्या कुठल्याही शहाण्या माणसाने डोलावली असती.