उजव्या खांद्यावरचं व्हायोलिन

छपाईची चूक माझ्या हातून होत नाही! गेली अकरा वर्षं मी तंतुवाद्यांना वाहिलेलं त्रैमासिक काढतोय. संपादक मी, मुद्रितं तपासणारा मी, पाकिटांवर तिकिटं चिकटवणाराही मीच. वर्गणीदार तीनशे बारा, पण एकेक महाचिकित्सक. चित्रातल्या सतारीला एक खुंटी कमी दिसली तर चार पानी पत्र धाडतात. अशांना मी अकरा वर्षं पुरून उरलोय.

या वेळी मुखपृष्ठावर माझे सासरे होते. त्यांनी चाळीस वर्षं व्हायोलिन वाजवलं आणि सासूबाई गेल्या त्या दिवशी ते पेटीत ठेवून दिलं. त्याला दोन वर्षं झाली. हल्ली ते आमच्याकडेच असतात. पेटी पलंगाखाली आणि ते पलंगावर.

"मुखपृष्ठावर स्वतःला बघतील तर हात शिवशिवतील रे त्यांचे," बायको म्हणाली. फोटोही तिनेच शोधला, सासूबाईंनी काढलेला. फोटो झकास होता, फक्त सासरे पानाबाहेर बघत होते. मुखपृष्ठावरच्या माणसाने कसं, अंकाच्या नावाकडे बघावं! मी संगणकावर एक कळ दाबली, डावीकडचं उजवीकडे केलं आणि स्वतःचीच पाठ थोपटली.

छापून आलेला अंक मी समारंभपूर्वक त्यांच्या हातात दिला. त्यांनी चष्मा पुसला. पुन्हा पुसला.

"जावईबापू, व्हायोलिन कुठल्या खांद्यावर असतं?"

"डाव्या."

"आणि हे?"

मी अंक डोळ्यांजवळ नेला. व्हायोलिन उजव्या खांद्यावर, गज डाव्या हातात! आणि तीनशे बारा अंक सकाळीच टपालात पडले होते!

"तिने काढलेला हा एकच फोटो धड आला होता," एवढंच बोलून ते भिंतीकडे तोंड करून पडले. चार शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं. मला फार वाईट वाटलं. हात शिवशिवायचे राहिले बाजूला, माणूस जेवायलाही उठेना!

मग फोन सुरू झाले. संपादक शुद्धीवर आहेत का, अशी एकाने चौकशी केली. एका वर्गणीदाराने अंक परत पाठवला, सोबत छोटा आरसा! मी माफीचा मजकूर लिहायला बसलो, तोच दारावरची घंटा वाजली. दारात दातांच्या एक डॉक्टरीणबाई, पन्नाशीच्या. हातात व्हायोलिनची नवी पेटी, काखेत आमचा अंक.

"मी डावखुरी आहे," त्या सासऱ्यांना म्हणाल्या. "लहानपणी दोन गुरुजींनी परत पाठवलं. म्हणाले, गज डाव्या हातात धरायचाच नसतो. आणि तुम्ही तर..." त्यांनी मुखपृष्ठ पुढे धरलं. "मला शिकवाल?"

"त्याचं काय झालं," मी सुरुवात केली, "छपाईत..."

सासऱ्यांनी माझ्या पायावर पाय दिला. "बुधवारी या!"

दार लागल्यावर मी विचारलं, "बाबा, तुम्हाला डाव्या हाताने येतं?"

"नाही. पण आज सोमवारच आहे ना?"

कचेरीत परीक्षणासाठी आलेलं एक व्हायोलिन पडून होतं, ते मी आणून दिलं. त्यांनी त्याच्या तारा उलट्या क्रमाने चढवल्या आणि कपाटाच्या आरशासमोर उभे राहिले. पलंगाखालच्या पेटीकडे बघितलंसुद्धा नाही. पहिलाच सूर असा निघाला की वरच्या मजल्यावरच्या काकू धावत आल्या. "कुणाला लागलं का हो?"

असे चार बुधवार गेले. शिष्या एक धडा मागे, गुरू एक धडा पुढे! पाचव्या बुधवारी एक ओळ अडली. बाईंना जमेना, सासऱ्यांच्या डाव्या हातालाही जमेना.

"असं नाही हो! थांबा!"

ते तरातरा आत गेले. पलंगाखालून पेटी ओढली, तारा जुळवल्या, व्हायोलिन डाव्या खांद्यावर घेतलं आणि ती ओळ वाजवली. मग पुढची. मग सगळंच, डोळे मिटून. बायको ओल्या हातांनी दारात येऊन उभी राहिली आणि रडायला लागली. मीही रडलो, लपवायचं कशाला!

वाजवून झाल्यावर सासरे खाली बघत म्हणाले, "बाई, मी तुम्हाला फसवलं. तो फोटो उलटा छापलाय."

"माहीत आहे," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "पहिल्याच दिवशी तुम्हाला गज धरता येईना, तेव्हाच कळलं. पण माझ्यासाठी कुणीतरी या वयात नव्याने शिकतंय म्हटल्यावर बोलवेना. पुढच्या बुधवारी येऊ ना?"

"येऊ ना काय? वेळेवर या!"

त्या आनंदात मी नव्या अंकात आतल्या पानावर डॉक्टरीणबाईंचा फोटो घेतला आणि मुखपृष्ठावर सासऱ्यांचाच नवा, बायकोने काढलेला. उलटवला नाही, कापला नाही, तीनदा तपासला. व्हायोलिन डाव्या खांद्यावर, गज उजव्या हातात, सगळं जागच्या जागी! सगळे अंक रवाना केले, मग निवांतपणे मुखपृष्ठावरच्या फोटोखालची ओळ वाचली: ‘दातांच्या सुप्रसिद्ध डॉक्टर’.

बाबांना अजून सांगितलेलं नाही. आत वाजवतायत. त्यांचं वाजवून होऊ दे, मग सांगतो.