एकदा परत

जितेंद्र कॅमेऱ्याच्या पडद्यावर वाकून बघत होता आणि बघता बघता त्याचा चेहरा उतरत चालला होता. विराज देवळाच्या सभामंडपात खांबाला टेकून मटकन खाली बसला. इतकी वर्षं दिग्दर्शन केल्यावर माणसाला दुसरं काही आलं नाही तरी कॅमेरामनचा चेहरा वाचता येतो.

"बोल बाबा. काय गेलं?"

"सर, गाऱ्हाणं सुरू झालं तेव्हा मी बटण दाबलं, ते बहुतेक बंद झालं. आणि संपल्यावर बंद करायला दाबलं, ते…"

"ते चालू झालं."

"हो. पण फरशी सुंदर आलीय, सर. माझे पायपण आलेत. आणि काकू प्रसाद वाटताना. खोबरं तर अगदी शार्प आहे."

विराजने डोळे मिटून घेतले. रडावं असं त्याला मनापासून वाटलं, पण देवळात सगळा गाव बसला होता.

या माणसाचं नशीबच असलं. शिक्षण संपल्या संपल्या त्याने मिठबावच्या रापणकरांवर, म्हणजे किनाऱ्यावरून मोठं जाळं ओढणाऱ्या कोळ्यांवर, माहितीपट केला होता. त्याला कुठल्याशा महोत्सवात प्रशस्तिपत्र मिळालं, पेपरात फोटो आला, मग लग्न झालं आणि लग्नापाठोपाठ मालिका आल्या. सासूने दार उघडायचं, सुनेने दचकायचं, बाहेर विजा कडाडायच्या, आणि विराजने म्हणायचं, "छान! एकदा परत." हे शब्द त्याच्या जिभेवर असे बसले की बायकोने चहा दिला तरी पहिल्या घोटाला तो म्हणे, "छान! एकदा परत." त्याच्या कार्डावर 'माहितीपट व मालिका दिग्दर्शक' असं छापलं होतं. पण लोक मधलंच तेवढं वाचत.

आणि आता, चाळिशी उलटल्यावर, कुठे नशिबाने दार किलकिलं केलं होतं. वाहिनीच्या अनुजा मॅडमना कोकणातल्या रूढींवर माहितीपटांची माळ हवी होती. "मला कौलाचा एक खराखुरा प्रसंग आणून दाखवा," त्या म्हणाल्या होत्या. "जमलं तर सगळं काम तुमचं. नाही जमलं तर तुम्ही आहात, सासू आहे आणि दार आहे." विराजने त्याच दिवशी मालिकेतून रजा घेतली आणि जितेंद्रला घेऊन थेट गाव गाठलं.

गाव त्याच्या वडिलांचं. सत्यवानकाका तिथले मानकरी, गाऱ्हाणं घालण्याचा, म्हणजे गावाच्या वतीने देवाला साकडं घालण्याचा मान त्यांचा. एवढं सगळं घरचं असल्यावर अडायचं कुठे? पण अडलं. विराजने कोणाला विचारावं, "कौलाबद्दल काय सांगशील?" तर समोरच्याने उलट विचारावं, "ती श्रिया खरांच मेली काय रे?" श्रिया म्हणजे मालिकेतली सून. नटीने दुसरीकडे काम घेतलं म्हणून विराजने तिला घाटात दरीत लोटली होती. मथुराकाकी तर त्याच्याशी धड बोलतही नव्हती. पेज वाढताना एवढंच म्हणाली, "खा. त्या बापडेक उपाशी मारलंस, तू पोटभर खा."

"काकी, ती उपाशी नव्हती. दरीत पडली."

"तुया ढकललंस, म्हणान पडली."

तरी काकांनी सांभाळून घेतलं. "सभामंडपातसून काय ता काढ," ते म्हणाले. "पण गाभाऱ्यात कॅमेरो न्हेवचो तर देवाक इचारूक होया." देवाला विचारायचं म्हणजे कौल. शंकर गुरव देवाच्या पाषाणाला उजवीकडे-डावीकडे ओल्या कळ्या चिकटवतो. उजवी आधी पडली तर देवाचा होकार, डावी पडली तर नकार, आणि त्यावर गावात अपील नाही. विराजला हेच तर हवं होतं.

त्याप्रमाणे आज सकाळी गाव जमला, काकांनी गाऱ्हाणं घातलं, आणि उजवी कळी अशी टपकन पडली की शंकर गुरवही हसला. देव प्रसन्न, गाव प्रसन्न, विराजच्या डोळ्यांत पाणी. आणि कॅमेऱ्यात जितेंद्रचे पाय!

गाव उठायच्या बेतात होता. विराजने मनाशी काही विचार केला असता तर पुढचं सगळं टळलं असतं. पण तोंडाला सवय वाईट. तो उठून टाळी वाजवून म्हणाला, "छान झालं! एकदा परत घेऊया!"

"काय घेवया?" काकांनी विचारलं.

"कौल. अगदी तसाच. शंकरदादा, तुम्ही तिथंच उभे राहा. काका, तुम्ही 'बा देवा' पासून घ्या."

शंकर गुरवाच्या हातातलं तबक हातातच राहिलं.

"अरे झिला," काका सावकाश म्हणाले, "देवान होय म्हटल्यान मां?"

"हो, म्हणूनच. तेवढं फक्त पुन्हा म्हणायचंय."

"कोणी? देवान?"

"म्हणजे… विचारायचं नाही काका, नुसतं करायचं. दाखवण्यापुरतं."

"म्हणजे देवाक ॲक्टिंग करूक सांगतंस?"

मागे कोणीतरी खुदकन हसलं. विराज घामाघूम झाला. त्याने काकांना बाजूला घेतलं, पाय धरले, मुंबई सांगितली, मॅडम सांगितल्या, सासू आणि दार सांगितलं. काका जुने असले तरी दगड नव्हते. भावाचा मुलगा पायाशी बसलेला त्यांना बघवेना.

"आयक," ते शेवटी म्हणाले. "देवाम्होरं खोटां गाऱ्हाणां घालूक जमाचा नाय. घातलंय तर खरांच घालतलंय. आणि पडात ता खरां. चलात?"

"चलात, चलात!" विराज म्हणाला. तो तोवर जितेंद्रकडे धावला होता. "बटण मी दाबणार," त्याने बजावलं. "तू हात मागे बांध."

लाल दिवा लागला. काकांनी हात जोडले आणि देवळात त्यांचा आवाज घुमला. "बा देवा म्हाराजा! ह्यो तुझो लेकरू मुंबयसून इलो हा. तुया मगाशी ह्येका होय म्हटलंस, पण ता ह्येका पुरलां नाय. ह्येका तुका परत इचारूचा आसा. चुकला-माकला पदरात घी, आणि ह्येका आत कॅमेरो न्हेवक देवचो काय, ता सांग रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" गाव गरजला.

उजेड खिडकीतून तिरपा पाषाणावर पडला होता. कळ्यांवरचे पाण्याचे थेंब चमकत होते. विराजच्या आयुष्यात असा शॉट कधी आला नव्हता. त्याने श्वास रोखला. कळी हलली, सुटली आणि पडली.

डावी.

"कट," विराज कसाबसा म्हणाला. त्याचा आवाज त्यालाच ओळखू आला नाही. "काका, पण पहिला उजवा होता ना!"

"हुतो. तो खरो हुतो. पण तुका पटलो नाय, म्हणान तू परत इचारलंस. आता ह्यो खरो."

"मग परत एकदा—"

"शिरा पडो तुझ्या तोंडार!" मथुराकाकी बायकांतून कडाडली. "देव म्हंजे काय तुझी नटी हा?"

झालं. गावाला भलतीच काळजी लागली. मगाशी हसणारा देव आता डावा फिरला, म्हणजे त्याचं काहीतरी बिनसलंय. पोराची चूक होती खरी, पण उद्या भात करपलं, आंबा गळला, तर कोणाच्या नावाने ओरडायचं? देवाला काय हवंय ते आत्ताच विचारून घ्यावं असं ठरलं. काकांनी आधी कॅमेरा बंद करवला. देवाने नको म्हटल्यावर काढलेलं ठेवायचं नाही, म्हणून तो तिरप्या उजेडाचा, थेंबांचा, आयुष्यातला सर्वांत सुंदर शॉट विराजने आपल्या हाताने पुसून टाकला. जितेंद्र दुसरीकडे बघत राहिला. पायांचं चित्रण मात्र कोणी पुसायला सांगितलं नाही.

मग नारळ विचारला, डावा. अभिषेक विचारला, डावा. विराजने देवळाला रंग लावून द्यावा काय, तोही डावा. दुपार व्हायला आली. लोकांना भूक लागली. शेवटी मथुराकाकी पुढे झाली.

"माका एक इचारूचा आसा. ह्येना त्या श्रियेक मारल्यान, ता देवाक रुचला नसात. ह्येना मागे जावन तिका परत आणूची काय, ता इचारा."

"गो, देवाक मालिका काय दाखवतंस!" काका खेकसले.

"देवळाच्या मागच्या खोलयेत टीव्ही आसा. रोज रात्री देव आयकता."

काकांनी अंग चोरत गाऱ्हाणं घातलं. शेवटचा 'म्हाराजा' तोंडातून पुरता निघालाही नव्हता, तोच उजवी कळी खाली. गावाने असा जल्लोष केला की बाहेर झोपलेलं कुत्रं उठून पळालं. काकीने पहिल्यांदाच विराजच्या पाठीवरून हात फिरवला.

विराज देवळाबाहेर आला आणि पायरीवर बसून त्याने अनुजा मॅडमना फोन लावला. सांगण्यासारखं त्याच्याकडे एवढंच होतं की देवाने परवानगी नाकारली. मॅडम म्हणाल्या, "हरकत नाही. ते कौलाचं आम्ही स्टुडिओतच उभं करू, दुसऱ्या कोणाकडून. तुम्ही लगेच निघा. श्रियाला परत आणायचं ठरलंय. ती गेल्यापासून प्रेक्षक गळतायत."

आता रडायला देवळात बसलेला गाव आड नव्हता. विराज पायरीवर बसून मनसोक्त रडला. काकांना वाटलं, देवाच्या कृपेने पोराला गहिवरून आलंय.

पुढचं थोडक्यात सांगतो, कारण ते सांगताना माझाही जीव तुटतो. श्रिया दरीतून कपाळाला एक पट्टी लावून परत आली. सेटवर तिचा पहिला प्रवेश संपला, सगळे विराजकडे बघू लागले. विराजने तोंड उघडलं. त्याला डावी कळी दिसली. त्याने तोंड मिटलं.

"सर, एकदा परत?" नटीनेच विचारलं. "मी वाक्य विसरले होते."

"नको!" विराज किंचाळला. "झालं ते झालं. पुढे चला!"

त्या दिवसापासून त्याने दुसरा टेक घेतला नाही. कोणी अडखळलं, कोणाची मिशी सुटली, सासू उंबऱ्याला ठेचकाळली, तरी पुढे चला. चित्रीकरण दुपारीच संपू लागलं. वाहिनीवाले खुळावले. असा झपाट्याचा माणूस त्यांनी जन्मात पाहिला नव्हता. अनुजा मॅडमनी त्याला आणखी दोन मालिका दिल्या, फुलांचा गुच्छ दिला, आणि कार्डं नव्याने छापून दिली. त्यांवर नुसतं 'मालिका दिग्दर्शक' होतं.

गुच्छ हातात घेऊन तो मेकअपच्या खोलीत एकटाच बसला होता, तेव्हा काकांचा फोन आला.

"विराजा, श्रिया इली! काकी तुझी नवसाचो नारळ फोडून इली. देवाचा खरां झाला बघ." मग त्यांचा आवाज उतरला. "पण तुझी ती डाक्युमेंट्री ऱ्हवली रे, झिला. माका रात्री झोप येणा नाय. आता देव खूष आसा. म्हणतंस तर इचारतंय हां, एकदा परत?"

मागल्या सेटवरून विजा कडाडल्याचा आवाज येत होता. विराजने फोन दोन्ही हातांनी धरला.

"नको, काका," तो म्हणाला. "त्याने पहिल्यांदाच उजवा दिला होता."