पडद्याकडे पाठ

लंडनमध्ये ईलिंगला आमचे शेजारी मस्यू सिनेमा बघताना पडद्याकडे पाठ करून बसत. खरं नाव भलं लांबलचक. माझ्या जिभेला ते कधी वळलंच नाही, म्हणून नुसतं मस्यू, म्हणजे फ्रेंचमध्ये 'साहेब'. फ्रान्समध्ये त्यांनी जन्मभर विनोदी सिनेमे लिहिले, काढले. बायको जोन इथली. रिटायर झाल्यावर तिच्या हट्टापायी ईलिंगला आले, आणि थोड्याच दिवसांत तीच गेली.

दर संडेला आपल्याच एखाद्या सिनेमाची डीव्हीडी घेऊन हे दारात हजर. आम्हाला फ्रेंचचा गंध नाही, म्हणून तर आमची निवड! "शब्द कळल्यावर कोणीही हसेल," म्हणायचे. मग आमच्याच टीव्हीकडे पाठ करून आमच्या तोंडाकडे एकटक बघत बसायचे. बघा बरं हसून अशा माणसासमोर! खोटं हसलेलं तर बरोब्बर पकडायचे. मी वरणाला फोडणी द्यायला उठले तरी हळहळायचे, "उठलात? इथे कापायला हवं होतं."

कोणी हसलं नाही की कापायचं, हा त्यांचा धंद्यातला नियम. पण एका सिनेमात एक प्रसंग त्यांनी तसाच ठेवला होता. एक माणूस फुलं घेऊन दाराशी येतो, पायपुसण्यावर बूट पुसतो, केस सारखे करतो, पुन्हा बूट पुसतो आणि बेल न वाजवताच परत जातो. संपलं! हसायचं कशाला, कपाळाला?

"अहो मस्यू, हे का ठेवलंत?" शेवटी मी विचारलंच.

"जोन हसायची. जगात ती एकटीच. तिच्या दारातून मी असाच परत गेलो होतो. ती खिडकीतून बघत होती."

मला विचारल्याचं फार वाईट वाटलं.

पुढे त्या सिनेमाची नवी डीव्हीडी निघायची ठरली. त्याआधी चर्च हॉलमध्ये एक खेळ होता. मस्यू म्हणाले, "आज कोणी हसलं नाही तर तो प्रसंग कापतो. आता हसणारं कोण उरलंय?"

साताऱ्याहून आलेल्या आईलाही मी घेऊन गेले. यातलं तिला काही सांगितलं नव्हतं, देवाशपथ. मस्यू पडद्याखाली, तोंड आमच्याकडे. त्या माणसानं बूट पुसले, केस सारखे केले, पुन्हा बूट पुसले. हॉल चिडीचूप. मला तर रडूच यायला लागलं. माणूस वळला, चालू लागला, आणि आई खो खो हसत सुटली.

"अगं, तुझे बाबा! मला बघायला आले तेव्हा अस्से दारातून परत गेले होते. मी माडीवरून बघत होते ना!"

तिचं हसू काही केल्या थांबेना. मस्यू तिच्याकडे बघत राहिले. मग उठले, खुर्ची फिरवली आणि पडद्याकडे तोंड करून बसले.