वानखेडे काकांची कात्री

वानखेडे काकांना काही सांगायचं म्हणजे साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं राहायचं. मी एकदा सुरुवात केली, "काल नेपियर टाउनला गेले, तर ऑटोवाल्याच्या गळ्यात लाल मफलर—"

काका खुर्चीतून अर्धे उठलेच. "मफलर पुढे कामी येतो का?"

"नाही."

"मग काहून आणला गोष्टीत? काढ!"

काका समोरच्या घरात एकटे राहतात. खमरियाच्या फॅक्टरीतून रिटायर झाले, पण पायाला चैन म्हणून नाही. बोलता बोलता गेटपर्यंत जातात, परत येतात. आमच्या सत्यनारायणाला त्यांनी भर कथेत गुरुजींना थांबवलं. "महाराज, हा राजा आता काहून आला? पुढे लागते का?" गुरुजींनी शंखच फुंकला.

सिरियलमध्ये कुणी बाई नुसती खोकली, तरी काका जाहीर करतात, "गेली ही." आणि जाते हो मेली! सासूबाई आता त्यांना टीव्हीसमोर फिरकू देत नाहीत.

काकू लवकर गेल्या. लेकीला, मंजूला, काकांनीच वाढवलं. शाळेतून आल्यावर ती बडबडायला लागली, की हे म्हणायचे, "मुद्द्याचं बोल, बेटा." शिकली बिचारी. आता ती बंगळुरूला नोकरीला असते. रविवारी तिचा फोन येतो, त्यावर काकांचा अख्खा आठवडा टांगलेला असतो, आणि तो अर्ध्या मिनिटात संपतो.

परवाच्या रविवारी काका सकाळपासून आमच्या व्हरांड्यात येरझारा घालत होते. चहा दिला, तो गार झाला. शेवटी फोन वाजला. ऐकू कमी येतं म्हणून त्यांनी स्पीकर लावला.

"बाबा, मी ठीक आहे. काम ठीक. ठेवू?"

"अगं थांब! जेवायला काय केलं?"

"ते कशाला, बाबा? नेहमीचंच. चलो, ठेवते."

काकांचा चेहरा असा उतरला की मला बघवेना. मग ते एकदम सुटलेच. "सुन ना, मी काल भेडाघाटला गेलो होतो. टेम्पोत एक बाई होती, टोपलीभर पेरू घेऊन. बाजूला एक म्हातारा शिंकून राहिला होता. ड्रायव्हरचा आरसा फुटका. मग त्या बाईनं मला एक पेरू दिला, आणि..."

थांबलं तर ती फोन ठेवेल, म्हणून काका श्वाससुद्धा घेत नव्हते. भेडाघाटला कुठले जातात! आदल्या दिवशी तर दिवसभर आमच्याच गेटशी उभे होते.

मला वाटलं, आता ती फोन ठेवणार.

"बाबा," मंजूनं हळूच विचारलं, "पेरू गोड होता का?"

काका मटकन पायरीवर बसले.

"सांगतो, बेटा," ते म्हणाले. "मोठी गोष्ट आहे."