रिठी गावची दवंडी

आमचे शेजारी डोमाजी कोतवाल रिकाम्या गावात दवंडी देतात. रिकामं म्हणजे खरंच रिकामं. घर नाही, माणूस नाही. आमच्या गट ग्रामपंचायतीत मौजे दोन. एक आमचा, मोहाडीच्या रस्त्यावरचा. दुसरा तलावापलीकडचा बोरटोला. तिथली माणसं शाळेपायी, दवाखान्यापायी एकेक करून इकडे आली आणि सरकारदरबारी बोरटोल्याला ‘रिठी’, म्हणजे ओसाड, असा शेरा बसला. शेवटचं बिऱ्हाड डोमाजींचं. बायको सयत्रा तिथंच वारली, मग तेही आले.

ग्रामसभा ठरली की हा गृहस्थ डफडं घेऊन तलावाच्या पाळीवरून तिकडे निघतो.

“कायले जाता जी? कोन आयकते तठी?” मी विचारायचो.

“मौजा म्हंजे मौजा. नाही सांगतला तं उद्या मनतील, आमाले मालूमच नोहता.”

कोण म्हणणार होतं, देव जाणे. पण दवंडीत पदरचा शब्द घालायचा नाही आणि दिलेला गाळायचा नाही, ही त्यांची शिस्त. एकदा सरपंचबाई म्हणाल्या, “सभा अकराले हाय, अन् लवकर जा जी, पानी येऊन राहिला.” डोमाजींनी दोन्ही मौजांत तेही ओरडून सांगितलं.

परवाच्या सभेत पंचायतीचा फलक नव्यानं रंगवायचा विषय निघाला. जुन्यावर दोन्ही मौजांची नावं होती. ओसाड गावाचं नाव कशाला, म्हणून बोरटोला गाळायचा ठराव आला.

डोमाजी उठले. “नाव राहू द्या जी. दुसरा काई नाही मांगत.”

विरोधात आम्हा दोघांचेच हात. मला वाईट वाटलं, त्याहून जास्त राग आला. तेवढ्यानं काय रंग संपणार होता?

“ठराव झाला, दवंडी द्या,” सरपंचबाई म्हणाल्या. त्यांना गावापुरतीच म्हणायची होती, पण डोमाजींना कोण सांगणार? संध्याकाळी मीच त्यांना गाडीवर बसवून तलावापलीकडे नेलं.

गवतात बुडालेल्या जोत्यांपुढे उभे राहून त्यांनी डफडं वाजवलं. “आयका हो आयका, फलकावरून बोरटोल्याचा नाव काढला हो.” प्रत्येक जोत्यापुढे तेच, शब्द चोख.

शेवटचं जोतं त्यांच्या स्वतःच्या घराचं. तिथं डफडं वाजलं नाही. त्यांनी चपला काढल्या, उंबरठ्याच्या जागी बसले आणि घरात बोलावं तसं हळू म्हणाले,

“सयत्रा, कोरमच नाही भरला व. सभा तहकूब झाली. काई ठरला नाही.”