समेटमंडपातील सत्काराची आणि चिमाबाई कासारणीची हकीकत

श्रीगणराय बुद्धी देवो, ऐकणाऱ्यास धीर देवो, आणि भाषण करणाऱ्यास आवरते घेण्याची इच्छा देवो. शके सतराशे बारा, साधारणनाम संवत्सरे, मार्गशीर्ष मासी एका राज्यात जे जाहाले ते येथे लिहिले आहे. राज्याचे नाव लिहू नये ऐसी आज्ञा, सबब लिहिले नाही.

त्या राज्यी पूर्वी एक दिवाण होता, त्याने फार जुलूम केला, माणसे गडावर नेली आणि खाली आणिली नाहीत, आणि मग दिवाण मेला आणि नवे महाराज गादीवर बैसले. महाराज विचारी. त्यांनी मनात आणिले की, दिवाणाच्या माणसांचे कडेलोट करावे तर त्यांची मुले उद्या आमच्या माणसांचे करतील, आणि मेलेला कोठे पुरिला हे सांगणारे तोंडही दरीत जाईल. सबब शिक्षा बंद केली आणि समेटमंडप उभा केला. नियम थोडके आणि चांगले होते: ज्याने केले त्याने सर्व खरे सांगावे, ज्याचे गेले त्याने ऐकावे आणि भरपाई मागावी, आणि ती करणाऱ्याने आपल्या हाताने करावी. इतके सरळ काम. परंतु त्या राज्यात चार माणसे एकत्र बैसली की त्यांस अध्यक्ष नेमल्यावाचून राहवत नसे, आणि अध्यक्ष नेमला की शाल आणि श्रीफळ आलेच.

पहिला मामला चिमाबाई कासारणीचा निघाला. तिचा नवरा बाळकोजी बाजारात बोलिला की दिवाणाची मापे खोटी आहेत, आणि त्याच दुपारी गडाचा हवालदार रंभाजी त्यास घेऊन गेला, तो परत आला नाही. तेव्हापासून चिमाबाई दुकानी बैसून गावच्या बायकांस बांगड्या भरीत असे, आणि आपल्या हातातल्या ठेवाव्या की उतरवाव्या हे तिला कोणी सांगत नसे. सासू म्हणे ठेव, भावजय म्हणे लोक हसतात, दीर म्हणे बघू. तिला सूड नको होता. तिला जागा कळावयास पाहिजे होती, म्हणजे हाडे आणावी, अग्नी द्यावा आणि एकदाचे काय ते व्हावे.

मंडपाचे कारभारी नारोपंत. हवालदार आपण होऊन आला, सबब त्याचा मान राखावा ऐसे पंतांचे मत पडले आणि त्यास पुढच्या आसनी बैसविले, आणि चिमाबाईस खांबामागे जागा दिली. मग ईशस्तवन जाहाले, मग प्रास्ताविक, मग अध्यक्ष क्षमा या गुणावर बोलिले, आणि संपले ऐसे वाटताच ‘दोनच शब्द’ म्हणून पुन्हा आरंभिले. मग हवालदारास शाल पांघरिली आणि हवालदार उठून “मी त्या दिवशी” इतके म्हणतो तोच पंत म्हणाले, “हवालदार गहिवरले आहेत, त्यांस अधिक श्रम नकोत.” टाळ्या जाहाल्या. चिमाबाई उठली आणि म्हणाली, “पंत, माझा धनी कोठे आहे ते राहिले.” पंत म्हणाले, “बाई, आभार झाले. आभारानंतर काही घेता येत नाही.”

“मग आभाराआधी घ्यायचे होते.”

“आधी अध्यक्ष होते ना.”

दुसऱ्या बैठकीस ती आधीच येऊन पुढे बैसली. तेव्हा अध्यक्षांच्या पत्नीने ठरविले की बाईंचाही सन्मान व्हावा, ओटी भरावी. आणि मग घोळ जाहाला. एक म्हणाली, ओटी भरिली म्हणजे सवाष्ण ठरली, म्हणजे नवरा जिवंत, मग तक्रार कसली? दुसरी म्हणाली, न भरावी तर नवरा मेला ठरतो, आणि तसे अजून कोणी सांगितले कोठे? चिमाबाई म्हणाली, “हवालदार बसला आहे समोर, त्याला विचारा की.” कोणी विचारिले नाही. शास्त्रीबोवांस बोलाविणे गेले, ते जेवावयास बैसले होते, आणि ते येईतो मंडप उठला. उठता उठता पंत तिला म्हणाले, “बाई, क्षमा केली एवढे म्हणा, पुढचे आम्ही पाहतो.” ती म्हणाली, “कशाची करू? मला कोणी काही सांगितलेच नाही.” पंत म्हणाले, “सांगण्यास वेळ लागतो हो. क्षमेस किती लागतो?”

पुढे एके दिवशी भर दुपारी हवालदार आपणच तिच्या दुकानी आला. म्हणाला, “बाई, मी सांगायला आलो. तिथे मला कोणी बोलू देत नाही. नुसत्या शाली देतात.” चिमाबाईच्या हाती गिऱ्हाइकाचा हात होता, तो तिने सोडिला आणि म्हणाली, “बसू नका. उभ्याने सांगा.” मग त्याने सांगितले की, बाळकोजीस मापे खरी म्हणावयास लाविले, तो म्हणेना, तेव्हा दिवाणाच्या हुकुमाने याने स्वहस्ते मारिले, त्याने पाणी मागितले, ते याने दिले नाही, आणि दिवस मावळता तो गेला. धान्यकोठाराच्या मागे पुरिला. चिमाबाईने सर्व ऐकिले आणि मग म्हणाली, “चला.”

दिरास घेतले, कुदळ घेतली आणि गड चढली. खणण्यास हवालदारास लाविले. हाडे लागली आणि मनगटाशी बाळकोजीने आपणच घडविलेले तांब्याचे कडे लागले, तेव्हा हवालदार थांबला आणि म्हणाला, “बाई, मला क्षमा कराल का?” ती म्हणाली, “ते मंडपात विचारा. इथे खणा.” इतक्यात नारोपंत पालखीतून धापा टाकीत आले, धापा खरे तर भोयांनी टाकावयाच्या. म्हणाले, “हे काय चालविले आहे? अध्यक्षांवाचून सत्य सांगता येत नाही. आता हे तसेच झाका, परवा मंडपात रीतसर काढू.” चिमाबाई म्हणाली, “पंत, बाजूला व्हा, माती उडते आहे.”

गाठोडे बांधिले तेव्हा दीर म्हणाला, “वहिनी, याचा हात लागू द्यायचा नाही.” ती म्हणाली, “भावजी, वर यांनी नेला. खाली हेच आणतील. आणि हवालदार, वाटेत जो विचारील त्यास सगळे सांगायचे. ही माझी भरपाई.” मग हवालदार गाठोडे घेऊन गड उतरला आणि बाजारातून चालिला. तेल्याने विचारिले, हवालदार, काय आणिले? त्याने थांबून सांगितले, मारिले तेही आणि पाण्याचेही. शिंप्याने विचारिले, त्यासही सांगितले. माळणीने विचारिले नव्हते, परंतु ती वाटेत उभी राहिली, म्हणून तिलाही सांगितले. पुढे पुढे त्याचा आवाज बसला, तेव्हा चिमाबाई म्हणाली, “सावकाश सांगा, घाई नाही,” आणि प्रत्येक दुकानी त्याच्याशेजारी उभी राहून तिने ते पुन्हा पहिल्यापासून ऐकिले. घाटावर दिराने अग्नी दिला.

महाराजांस वर्तमान कळले. त्यांनी शिक्षा बंद होती ती बंदच ठेविली, मंडपही ठेविला, अध्यक्षपद मात्र काढून टाकिले, त्यामुळे काही काळ मंडपात कोणी प्रतिष्ठित फिरकेना आणि कामे भराभर उरकली. चिमाबाईने क्षमा केली की नाही हे पंतांनी फार वेळा विचारविले. ती दुकानी बैसून गावच्या बायकांस बांगड्या भरीत राहिली. जे घडले तितके लिहिले, न घडले ते लिहिले नाही.