तंबी कुठल्या फ्रिजात?

"आई, मी कुठून आले?" या प्रश्नाला शास्त्रशुद्ध उत्तर देणारी सगळ्या कुंभकोणमात मी एकटीच आई असेन! एम.एस्सी. काय उगीच केलं?

चार वर्षांच्या मधुमिताला जेवता जेवता सांगून टाकलं: डॉक्टरांनी काचेच्या बशीत दोन इवलेसे जीव तयार केले आणि खूप खूप थंड डब्यात जपून ठेवले. त्यातली एक तू. मग तुला माझ्या पोटात ठेवलं.

"आणि दुसरा?"

"तो अजून डब्यातच आहे."

"एकटा? थंडी नाही वाजत त्याला?"

ताट तिच्यापुढे सरकवलं. मी म्हटलं, "दहीभात संपव."

अर्थात हे शास्त्र फक्त मधुपुरतं! सासूबाईंच्या लेखी मधु म्हणजे तिरुवलंचुळीच्या पांढऱ्या गणपतीचा प्रसाद. नवस त्यांचा, नारळ त्यांनी फोडलेले. येईल त्याला त्या ही कथा सांगायच्या आणि मी शेजारी बसून मान डोलवायची.

दुपारी जरा डोळा लागला. उठते तर मधु नाही! माडीवर नाही, मागल्या दारी नाही. विहिरीवरची जाळी जागच्या जागी. कपाट मात्र सताड उघडं, आणि माझ्या नवऱ्याची, मुरलीची, उटीहून आणलेली माकडटोपी गायब! कुंभकोणमच्या मे महिन्यात माकडटोपी?

पोरगी भावाला आणायला निघाली होती. थंड डब्यातून! आत शिरली आणि दार लागलं तर?

धावत जाऊन आमचा फ्रिज उघडला. इडलीच्या पिठाचं पातेलं, नारळ, भाज्या, सगळं जमिनीवर!

"अगं कीर्तने!" सासूबाई त्यांच्या तंजावरी मराठीत ओरडल्या. "पोर सापडेना, नि तुज फ्रिज धुवायचं सुचतंय?"

उत्तर द्यायला वेळ कुठला? शेजारच्या त्रिपुरसुंदरी मामींकडे घुसले ती थेट फ्रिजपाशी.

"अय्यय्यो! काय हवंय ते माग की!" मामी आडव्या आल्या. मी दार ओढलंच. मधु नव्हती. भेंडीमागे अंडी होती! सोवळ्यापायी आमच्या घरचं पाणीसुद्धा न पिणाऱ्या मामींच्या फ्रिजात अंडी!

"डॉक्टरांनी... सांगितलीत," मामी पुटपुटल्या.

धापा टाकत मागून आलेल्या सासूबाईंनी अंड्यांकडे पाहिलं, मामींकडे पाहिलं, आणि एरवी महिनाभर पुरला असता असा विषय तसाच टाकून त्या माझ्यामागे धावल्या. तेव्हा कळलं, त्याही किती घाबरल्यात ते.

गल्लीच्या तोंडाशी गुरुमूर्तींचं आइस्क्रीमचं दुकान. तिथली पेटी आडवी, झाकणाची. झाकण बंद. झाकणावर माकडटोपी.

झाकण कसं उचललं, आठवत नाही. कप, कांड्या, कुल्फ्या भिरकावत मी कंबरेपर्यंत आत! "मधू! मधू!"

"आई, तिथं नाहीये तो. मी बघितलं."

मागे स्टुलावर मधु. तोंडभर पिस्ता.

गुरुमूर्ती तमिळमध्ये म्हणाले, "अम्मा, ही चिमुकली पाप्पा म्हणते, तंबीला न्यायला आलेय. धाकटा भाऊ थंडीत बसलाय, त्याला टोपी आणलीय. मी म्हटलं, बाळ, माझ्याकडे व्हॅनिला नि पिस्ता, एवढंच!"

सगळी गिऱ्हाइकं माझ्याकडे बघत होती. आपण स्वतः कुठल्या डब्यातून आलो, तेही मधुनं दुकानभर केलं होतं.

"कोणता तंबी?" सासूबाईंनी विचारलं.

मधुला पिस्त्यासकट छातीशी आवळून मी एका दमात सगळं सांगून टाकलं. तंजावरचा दवाखाना, बशी, डबा, दुसरा जीव. गणपती तेवढा गाळला.

सासूबाईंनी खाली पडलेली माकडटोपी उचलून झटकली. मग म्हणाल्या, "म्हणजे माझं एक नातवंड तिकडे तंजावरास डब्यात आहे?"

"हो."

"नि करंट गेला म्हणजे?"

"तिथं करंट लागत नाही. द्रवरूप नायट्रोजन असतो, त्यात..."

"ते मज नको सांगू. करंट गेला म्हणजे काय?"

तेव्हापासून आमच्या गल्लीत करंट गेला की वीज कचेरीच्या आधी तंजावरच्या दवाखान्यात फोन जातो. "डबा थंड आहे नव्हे?" तिथली फोन घेणारी धनलक्ष्मी आता सासूबाईंना आवाजावरून ओळखते. मुरली आणि मी किती हसतो!

परवा करंट गेला तेव्हा सासूबाई पापनाशमला लग्नाला गेल्या होत्या. फोन... जाऊ द्या, मीच केला. मुरलीला ऐकू जाणार नाही अशा बेतानं.